‘पुढील आदेशापर्यंत’ : तात्पुरती नेमणूक आणि कर्मचाऱ्याचा दाद मागण्याचा हक्क

सरकारी कार्यालयांतून निघणाऱ्या आदेशांत दोन शब्दप्रयोग बहुतेक वेळा जोडीने येतात. एक ‘तात्पुरत्या स्वरूपात’ आणि दुसरा ‘पुढील आदेशापर्यंत’. पहिला सांगतो की काम थोड्या दिवसांचे आहे, आणि दुसरा सांगतो की किती दिवसांचे ते आम्ही सांगणार नाही. या दोहोंच्या मधल्या जागेत कर्मचाऱ्याचे वर्ष, दोन वर्षे, कधी कधी उरलेली अख्खी नोकरी निघून जाते. मूळ कार्यालयाच्या हजेरीपटावर त्याचे नाव असते, पगार तेथूनच निघतो, पण माणूस मात्र तालुक्याच्या दुसऱ्या टोकाला बसलेला असतो. असा आदेश हाती पडला तर कायद्याने काय करता येते आणि काय करता येत नाही, हे समजून घेण्याचा प्रयत्न प्रस्तुत लेखात आम्ही केला आहे. आम्ही वकील नाही, बँकेतले साधे लिपिक आहोत. तरीही न्यायालयांचे निकाल हे सर्वांसाठी असतात, आणि ते वाचायला काळा डगला लागत नाही.

हा विषय स्मरणिकेसाठी निवडण्याचे कारण उघड आहे. आपल्या समाजातील अनेक घरांत नोकरीत शिरलेली ही पहिली किंवा दुसरीच पिढी आहे. कोणी तलाठी, कोणी शिक्षक, कोणी आरोग्यसेविका, कोणी पोलीस शिपाई, कोणी कार्यालयात शिपाई. घरचा कर्ता एकच आणि पगार एकच. मूळ गावी म्हातारे आईवडील, नोकरीच्या गावी मुलांची शाळा. अशा घरात एका ओळीच्या आदेशाने तिसरे बिऱ्हाड उभे राहते. हातात आदेश पडलेला माणूस मग एक तर मुकाट्याने जातो, नाही तर रागाच्या भरात घरी बसतो. या दोन्हींपेक्षा वेगळी वाट कायद्यात आहे, ती बहुतेकांना ठाऊक नसते.

आधी एक खुलासा. प्रत्येक तात्पुरते काम म्हणजे अन्याय नव्हे. आपल्या राजूरचेच पाहा. अंगारकी चतुर्थीला राजुरेश्वराच्या दर्शनाला जी गर्दी लोटते, तिच्यासाठी बंदोबस्ताला बाहेरचे पोलीस येतात, आरोग्याचे पथक बसते, एस.टी.च्या जादा गाड्यांसाठी वाहक-चालक येतात. दोन दिवसांची कामगिरी, तिसऱ्या दिवशी ज्याचा तो आपल्या जागी. याविरुद्ध कोणी न्यायालयात जात नाही, आणि जाऊही नये. सरकारी नोकराचा पूर्ण वेळ सरकारच्या हाती असतो, हे नोकरीचे मूळ तत्त्वच आहे. आमच्या बँकेतही शेजारच्या शाखेचा रोखपाल रजेवर गेला की कोणाला तरी दोन दिवस तिकडे पाठवतात. भत्ता मिळतो, चहा मिळतो, आणि माणूस परत येतो.

प्रश्न उभा राहतो तो दोन दिवसांचे सहा महिने झाले म्हणजे. शिवाय ‘तात्पुरते’ या एकाच शब्दाखाली कार्यालयांत निरनिराळे प्रकार चालतात. स्वतःच्या जागेवर राहून दुसऱ्या टेबलाचेही काम पाहणे हा अतिरिक्त कार्यभार. त्याच खात्याच्या दुसऱ्या कार्यालयात ‘उसनवारी तत्त्वावर’ किंवा ‘संलग्न’ म्हणून बसवणे हा दुसरा प्रकार. एका खात्याचा माणूस दुसऱ्या खात्याला, महामंडळाला किंवा संस्थेला देणे ही प्रतिनियुक्ती. आणि निवडणूक, जनगणना, आपत्ती यांसाठी कायद्यानेच काढून घेतलेले काम हा चौथा प्रकार. आदेश हाती आल्यावर पहिले काम म्हणजे तो यांपैकी कोणत्या प्रकारात बसतो हे पाहणे, कारण प्रत्येकाचा कायदा वेगळा आहे.

रोयप्पा यांचा खटला

तात्पुरत्या नेमणुकीला न्यायालयात आव्हान देण्याची गोष्ट निघाली की भारतात एक नाव प्रथम घ्यावे लागते. कायद्याच्या विद्यार्थ्यांना ते पाठ असते, पण त्यामागची हकीकत फारशी कोणी सांगत नाही. ई. पी. रोयप्पा हे तामिळनाडूचे मुख्य सचिव. नोव्हेंबर १९६९ पासून ते या पदाचे काम पाहत होते. ७ एप्रिल १९७१ च्या आदेशाने त्यांना राज्य नियोजन आयोगाचे उपाध्यक्ष नेमण्यात आले. हे पद एक वर्षासाठी म्हणून नव्याने निर्माण केलेले होते. रोयप्पा तेथे रुजू झाले नाहीत, ते रजेवर गेले. रजा संपवून परतेपर्यंत त्या पदाची एक वर्षाची मुदतही उलटून गेली होती. मग जून १९७२ मध्ये त्यांच्यासाठी ‘विशेष कार्य अधिकारी’ हे आणखी एक तात्पुरते पद काढण्यात आले. विक्रीकर कायद्याच्या सुधारणेसारखे काम त्यांच्याकडे सोपवले. पगार मुख्य सचिवाचाच ठेवला. रोयप्पा तेथेही गेले नाहीत. घटनेच्या ३२ व्या कलमाखाली, म्हणजे ज्याला डॉ. बाबासाहेबांनी ९ डिसेंबर १९४८ रोजी घटना समितीत घटनेचा आत्मा म्हटले त्या कलमाखाली, त्यांनी थेट सर्वोच्च न्यायालय गाठले.

त्यांचे म्हणणे असे की १९७१ च्या निवडणुकीच्या वेळी गैरप्रकार करणाऱ्यांवर कारवाईचा आग्रह धरल्यामुळे आणि इतर काही प्रकरणांत प्रतिकूल शेरे मारल्यामुळे मुख्यमंत्री एम. करुणानिधी नाराज झाले आणि या नेमणुका त्या नाराजीतून झाल्या. पगार सारखा असला तरी मुख्य सचिवाचा मान आणि जबाबदारी या नव्या पदांना नाही, हाही मुद्दा होता.

२३ नोव्हेंबर १९७३ रोजी पाच न्यायाधीशांच्या पीठाने निकाल दिला आणि रोयप्पा हरले. दुष्ट हेतूचा आरोप करणाऱ्यावर तो सिद्ध करण्याचा फार मोठा भार असतो. संशय कितीही दाट असला तरी संशय म्हणजे पुरावा नव्हे, असे न्यायालयाने सांगितले. त्या पीठावर दोन मराठी न्यायमूर्ती होते, पालेकर आणि यशवंतराव चंद्रचूड.

पण हरलेल्या या खटल्यातून सर्व कर्मचाऱ्यांना जे मिळाले ते जिंकलेल्या कित्येक खटल्यांतून मिळालेले नाही. न्यायमूर्ती भगवती यांनी स्वतःसाठी आणि चंद्रचूड व कृष्ण अय्यर यांच्यासाठी लिहिलेल्या निकालपत्रात समतेचा एक नवा अर्थ मांडला. तोपर्यंत कलम १४ म्हणजे सारख्यांना सारखे वागवा, एवढेच समजले जात होते. भगवतींनी सांगितले की मनमानी आणि समता या एकमेकींच्या हाडवैरिणी आहेत. जेथे सत्ता लहरीप्रमाणे वापरली जाते तेथे कलम १४ चा भंग होतो, आणि प्रश्न सरकारी नोकरीचा असेल तर कलम १६ चाही होतो. नेमणुकीमागचे खरे कारण कामाशी संबंध नसलेले असेल, तर तो सत्तेचा गैरवापर होय. आज एखाद्या खेड्यातला लिपिक ‘मला येथून हलवण्याचे कारण काय?’ असे विचारतो, तेव्हा त्या प्रश्नाच्या पाठीशी हा १९७३ सालचा निकाल असतो. विचारणाऱ्याला ते ठाऊक नसले तरी असतो.

विद्यार्थ्यांनी येथे आणखी एक गोष्ट लक्षात ठेवावी. सरकारी नोकराला बडतर्फ करताना, काढून टाकताना किंवा पदावनत करताना चौकशी आणि बाजू मांडण्याची संधी देणारे कलम ३११ बदलीला किंवा तात्पुरत्या नेमणुकीला एरवी लागू पडत नाही, कारण कायद्याच्या दृष्टीने ती शिक्षा नव्हे. ती शिक्षा म्हणून दिली असे दाखवता आले, तरच चित्र पालटते. केंद्रीय अबकारी खात्यातील एका कर्मचाऱ्याला निनावी तक्रारीवरून भोपाळहून शिलाँगला पाठवले होते. सोमेश तिवारी यांच्या या खटल्यात १६ डिसेंबर २००८ रोजी सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की तक्रार असेल तर चौकशी करा, शिक्षेऐवजी बदली हा मार्ग कायद्यात बसत नाही. हेतू वैयक्तिक वैराचा नसला तरी कारण गैरलागू असेल, तर तोही कायद्याच्या दृष्टीने दुष्टावाच ठरतो.

जे रुजूच झाले नाहीत

आता कडू भाग. निकाल चाळताना आम्हाला सर्वांत जास्त वाईट वाटले ते गुजरात विद्युत मंडळाच्या एका अभियंत्याचे प्रकरण वाचून. निकालसंग्रहात ते ‘गुजरात इलेक्ट्रिसिटी बोर्ड विरुद्ध आत्माराम सुंगोमल पोशानी’ या नावाने सापडते. मार्च १९७४ च्या अखेरीस त्यांची सुरतहून उकाईला बदली झाली आणि त्यांना कार्यमुक्त करण्यात आले. आई म्हातारी व आजारी, म्हणून बदली रद्द करावी असे निवेदन त्यांनी दिले, रजा टाकली, पण उकाईला ते गेले नाहीत. मंडळाने आठवण दिली तरी गेले नाहीत. मे महिना संपायच्या आत मंडळाने त्यांना नोकरीतून काढून टाकले. उच्च न्यायालयात ते जिंकले, पण मंडळ सर्वोच्च न्यायालयात गेले आणि मार्च १९८९ मध्ये, म्हणजे पंधरा वर्षांनी, निकाल त्यांच्या विरुद्ध लागला. निवेदन दिले म्हणजे आदेश थांबत नाही. आदेशाला स्थगिती नसेल, तो रद्द किंवा बदललेला नसेल, तर रुजू व्हावेच लागते. नाही झालात तर शिस्तभंगाची कारवाई ओढवून घेता. हा नियम त्या निकालाने कायमचा पक्का झाला.

उकाईला जाऊन, ‘माझे कायदेशीर हक्क अबाधित राखून रुजू होत आहे’ अशी एक ओळ रुजू अहवालात लिहून, मग ते भांडले असते तर? न्यायालयात हरलेही असते कदाचित, पण नोकरी राहिली असती. ही ओळ आपल्या प्रत्येक नोकरदाराने पाठ करून ठेवावी असे आम्हाला वाटते. रुजू झाल्याने हक्क जातो, हा समज चुकीचा आहे. न रुजू होण्याने नोकरी जाते, हे मात्र खरे आहे.

घरगुती अडचणी कितीही खऱ्या असल्या तरी न्यायालयात त्यांचे वजन कमी पडते, हेही येथेच सांगून टाकतो. शिलाँगच्या वनस्पती सर्वेक्षण कार्यालयातील कर्मचाऱ्याची पौडीला बदली झाली. पत्नी तेथेच नोकरीला, मुले तेथेच शाळेत. पती-पत्नींना शक्यतो एका ठिकाणी ठेवावे अशी सरकारची मार्गदर्शक तत्त्वेही होती. एस. एल. अब्बास यांच्या या प्रकरणात २७ एप्रिल १९९३ रोजी सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की कोणाला कोठे नेमायचे हे ठरवणे संबंधित अधिकाऱ्याचे काम आहे. दुष्ट हेतू किंवा कायद्याच्या तरतुदीचा भंग असल्याशिवाय न्यायालय त्यात पडणार नाही, आणि मार्गदर्शक तत्त्वांतून न्यायालयात बजावता येईल असा हक्क निर्माण होत नाही. निवेदनात अडचणी जरूर मांडाव्यात. त्यांचा विचार करणे वरिष्ठांचे काम आहे. पण न्यायालयात जाताना भिस्त ठेवायची ती नियमभंगावर.

संमती कोठे लागते

तो नियम कोणता, हे प्रकारावर ठरते. प्रतिनियुक्तीत कर्मचाऱ्याच्या संमतीला मोल आहे. मालक बदलतो तेथे माणसाला विचारावे लागते, हे यामागचे साधे तत्त्व आहे. दिल्लीच्या जवाहरलाल नेहरू विद्यापीठाचे इंफाळ येथे एक केंद्र होते. ते मणिपूर विद्यापीठाकडे सोपवताना तेथील एका सहायक प्राध्यापकालाही सोबत सोपवून टाकले. १९८९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ठरवले की कोणत्याही कर्मचाऱ्याला त्याच्या संमतीवाचून एका मालकाकडून दुसऱ्याकडे देता येत नाही. पुढे १९९९ मध्ये उमापती चौधरी यांच्या खटल्यात न्यायालयाने प्रतिनियुक्तीचा अर्थच उलगडून सांगितला. देणारे कार्यालय, घेणारे कार्यालय आणि स्वतः कर्मचारी अशा तिघांचा तो मामला आहे. केंद्र सरकारच्या मूलभूत नियमांतील ११० वा नियमही परसेवेत इच्छेविरुद्ध पाठवू नये असेच सांगतो, मात्र सरकारच्या मालकीच्या किंवा नियंत्रणाखालील संस्थांचा अपवाद करून. हा अपवाद बारीक अक्षरातला असला तरी फार मोठा आहे.

उसनवारीला मात्र हे तत्त्व सरळ लागू होत नाही, कारण तेथे मालक तोच राहतो. आदेशाच्या मथळ्यावर ‘प्रतिनियुक्ती’ असे लिहिलेले असले आणि माणूस त्याच खात्याच्या दुसऱ्या कार्यालयात जात असला, तर ‘माझी संमती घेतली नाही’ हा मुद्दा टिकणे अवघड. तेथे दुसरे हत्यार लागते. त्याकडे वळण्यापूर्वी कायद्यानेच नेमून दिलेल्या कामाबद्दल थोडे सांगू.

शिक्षक आणि बँकवाले

निवडणुकीच्या कामाला लावलेला कर्मचारी त्या काळापुरता निवडणूक आयोगाकडे प्रतिनियुक्त आहे असे लोकप्रतिनिधित्वाच्या कायद्यानेच मानले जाते. तेथे संमतीचा प्रश्न नाही. तरीसुद्धा मर्यादा आहेतच. दिल्लीत मतदारयाद्यांच्या कामासाठी शिक्षकांना शाळेच्या वेळात बाहेर काढले जाई, म्हणून सेंट मेरीज स्कूलचे प्रकरण न्यायालयात गेले. ६ डिसेंबर २००७ रोजी सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की शिक्षकांना ही कामे सुटीच्या दिवशी आणि अध्यापन नसलेल्या वेळी द्यावीत, शिकवण्याच्या दिवशी व तासांना एरवी देऊ नयेत. शिक्षकेतर कर्मचाऱ्यांना हे बंधन नाही. त्यानंतर आलेल्या २००९ च्या शिक्षण हक्क कायद्याच्या २७ व्या कलमाने शिक्षकांची अशैक्षणिक कामे तीनच ठेवली : दशवार्षिक जनगणना, आपत्ती निवारण आणि निवडणूक. चौथे काम सांगणाऱ्या साहेबाला हे कलम नम्रपणे दाखवायला हरकत नाही. येथे मुद्दा शिक्षकाच्या सोयीचा नव्हता, वर्गात बसलेल्या मुलांचा होता, म्हणून तो न्यायालयाला पटला. आपले प्रकरण मांडताना ही खूण ध्यानात ठेवण्यासारखी आहे. आपल्याला हलवल्याने मागे कोणाचे काम अडते, ते सांगावे.

आम्हा बँकवाल्यांची गोष्ट थोडी गमतीची आहे. पाटण्याच्या स्टेट बँक कर्मचाऱ्यांना निवडणुकीच्या कामाला बोलावले, तेव्हा त्यांची संघटना न्यायालयात गेली. १९९० च्या दशकात सर्वोच्च न्यायालयाने मानले की तेव्हाच्या कायद्यात बँकेचा माणूस बसत नाही. राज्यपालांनी आयोगाला कर्मचारी पुरवायचे ते आपल्या हाताखालचे, आणि बँकेचे नोकर काही राज्यपालांच्या हाताखालचे नव्हेत. बँकवाले जिंकले. पण हा आनंद फार टिकला नाही. संसदेने १९९८ साली लोकप्रतिनिधित्व कायद्याचे कलम १५९ बदलून विद्यापीठे, सरकारी कंपन्या, केंद्र वा राज्याच्या कायद्याने स्थापन झालेल्या संस्था या सर्वांना त्यात घेतले. म्हणून आज निवडणूक लागली की आम्हीही मतदान यंत्राची पेटी घेऊन गाडीत बसतो. असो.

महाराष्ट्राचा बदल्यांचा कायदा

राज्य सरकारी कर्मचाऱ्यांसाठी खरे हत्यार आहे ते २००५ चा बदल्यांचे विनियमन व विलंबास प्रतिबंध करणारा अधिनियम. तो १ जुलै २००६ पासून अमलात आहे. गट अ, ब आणि क मधील कर्मचाऱ्याचा एका पदावरील सर्वसाधारण कालावधी तीन वर्षांचा. बदल्या साधारणपणे वर्षातून एकदा, एप्रिल किंवा मे महिन्यात. मुदतीआधी किंवा मध्येच हलवायचे झाले तर कलम ४ प्रमाणे विशेष कारणे लेखी नोंदवावी लागतात आणि लगतच्या वरिष्ठ प्राधिकाऱ्याची पूर्वमान्यता घ्यावी लागते. नंतर घेतलेली मान्यता ही पूर्वमान्यता नव्हे, हे शब्दावरूनच स्पष्ट आहे. नुसते ‘प्रशासकीय कारणास्तव’ असे लिहून भागत नाही, हे मुंबई उच्च न्यायालयाने २०१३ मध्ये ओबीसी वित्त व विकास महामंडळाच्या एका कर्मचाऱ्याच्या याचिकेत सांगितले. गट ड च्या बंधूंसाठी तर कलम ३ मध्ये विशेष संरक्षण आहे. स्वतःची विनंती, आपसात बदली किंवा गंभीर स्वरूपाची आणि तथ्य आढळलेली तक्रार, याशिवाय त्यांना ते काम करीत असलेल्या ठिकाणाहून हलवायचे नाही. शिपाई म्हणून काम करणाऱ्या किती जणांना हे ठाऊक आहे?

आता ‘तात्पुरत्या’ची मेख येथे आहे. कायदा बदलीवर बंधने घालतो, म्हणून काही ठिकाणी आदेशावर ‘बदली’ हा शब्दच लिहीत नाहीत. ‘कामकाजाच्या सोयीसाठी तात्पुरत्या स्वरूपात, पुढील आदेशापर्यंत’ असे लिहितात, आणि मग ना एप्रिल-मे लागतो, ना पूर्वमान्यता. याला उत्तर कायद्याच्या कलम २ मधील व्याख्येतच आहे. एका पदावरून, कार्यालयातून किंवा विभागातून दुसऱ्या पदावर, कार्यालयात किंवा विभागात नेमणूक करणे म्हणजे बदली. आदेशाला नाव काय दिले, याला या व्याख्येत जागा नाही.

उदाहरणादाखल समजा, राजूरच्या एखाद्या कार्यालयातील लिपिकाला ऑगस्टमध्ये परतूरच्या कार्यालयात ‘तात्पुरते’ बसवले. मुदत लिहिली नाही. परतूरची जागा रिक्त असल्याचे नमूद नाही. राजूरच्या त्याच्या टेबलावर आठवड्यात दुसरा माणूस आणून बसवला. पगार मात्र राजूरहूनच. येथे विचारण्यासारखे बरेच आहे. राजूरला काम कमी होते म्हणून याला हलवले असेल, तर त्याच जागी दुसरा कशाला आणला? परतूरची निकड असेल तर ती किती दिवसांची? आदेशावर सही करणाऱ्याला जिल्ह्यात या गटाची बदली करण्याचा अधिकार आहे काय? नसेल, तर ‘तात्पुरती’ म्हणून तो अधिकार त्याला कोठून मिळाला? आणि मूळ जागा भरून टाकल्यावर हा माणूस परत यायचा तो कोठे? पंधरा दिवसांची मुदत लिहिलेला, रजेवरच्या माणसाच्या जागी पाठवणारा आदेश असता, तर यांतला एकही प्रश्न उभा राहिला नसता.

या प्रश्नांची उत्तरे कार्यालयाच्या टिप्पणीत असतात, आणि ती टिप्पणी माहितीच्या अधिकारात मागता येते. दहा रुपयांचा कोर्ट फी स्टँप लावून अर्ज करायचा, तीस दिवसांत उत्तर मिळायला हवे. सर्वोच्च न्यायालयाच्या ऑक्टोबर २०१३ च्या निकालानंतर राज्य सरकारने ३१ जानेवारी २०१४ च्या निर्णयाने नागरी सेवा मंडळे स्थापण्यास सांगितले. त्या मंडळापुढे प्रकरण गेले होते काय, हेही त्याच अर्जात विचारावे. त्याच २०१३ च्या निकालात तोंडी आदेशांवर काम न करण्याबद्दलही न्यायालयाने बजावले आहे. ‘उद्यापासून तिकडे बसा’ असे कोणी तोंडी सांगितले तर ‘साहेब, लेखी मिळाले तर बरे होईल’ एवढे म्हणणे उर्मटपणा होत नाही. एक गोष्ट मात्र करू नये. आदेश रद्द करून घेण्यासाठी पुढाऱ्याची चिठ्ठी आणू नये. वर्तणूक नियमांप्रमाणे असा दबाव आणणे हाच गैरवर्तनाचा भाग ठरतो, आणि मग चांगल्या प्रकरणाचेही वाटोळे होते.

कोणी कोठे जायचे

याबाबतीत आपल्याकडे फार गोंधळ आहे, आणि चुकीच्या दारात उभे राहण्यात महिने जातात. घटनेच्या ३२३-अ कलमाखाली १९८५ चा प्रशासकीय न्यायाधिकरणांचा कायदा झाला आणि ८ जुलै १९९१ रोजी महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, म्हणजे बोलण्यातले ‘मॅट’, सुरू झाले. आपल्या भागासाठी त्याचे खंडपीठ औरंगाबादला, आजच्या छत्रपती संभाजीनगरला आहे. तलाठी, महसूलचा कारकून, पोलीस शिपाई, शासकीय वैद्यकीय अधिकारी हे राज्य सरकारचे कर्मचारी. त्यांनी प्रथम येथेच जायचे. १८ मार्च १९९७ च्या एल. चंद्रकुमार निकालापासून न्यायाधिकरणाच्या निर्णयाविरुद्ध उच्च न्यायालयाच्या दोन न्यायाधीशांपुढे जाता येते, पण न्यायाधिकरण ओलांडून सरळ उच्च न्यायालयात जाता येत नाही.

जिल्हा परिषदेचे शिक्षक, ग्रामसेवक, आरोग्यसेवक यांची वाट निराळी. ते मॅटच्या कक्षेत येत नाहीत. त्यांच्या बदल्यांचे धोरण ग्रामविकास विभागाच्या शासन निर्णयांनी ठरते, आणि खात्यातले उपाय संपल्यावर त्यांना कलम २२६ खाली उच्च न्यायालयात याचिका करावी लागते. म्हणजे एकाच प्राथमिक आरोग्य केंद्रात डॉक्टरने मॅटला जायचे आणि आरोग्यसेविकेने उच्च न्यायालयात, असा हा प्रकार आहे. मुंबई उच्च न्यायालयाचे पीठ १९८१ साली, आपला जालना जिल्हा निर्माण झाला त्याच वर्षी, औरंगाबादला बसू लागले. त्यापूर्वी मराठवाड्यातल्या माणसाला अशा याचिकेसाठी मुंबई गाठावी लागे. एस.टी. आणि बँकांतील कामगारांचे वाद औद्योगिक कायद्याखाली चालतात, तो स्वतंत्र विषय आहे.

मॅटला जाण्यापूर्वी वरिष्ठांकडे निवेदन देऊन पाहावे अशी कायद्याची अपेक्षा आहे. निवेदनावर आवक क्रमांक आणि तारखेसह पोच घ्यावी. हातात पोच नसलेले निवेदन दिले काय न दिले काय सारखेच. अंतिम आदेशापासून एक वर्षाच्या आत अर्ज करायचा असतो. निवेदनावर सहा महिन्यांत काहीच उत्तर आले नाही, तर ते सहा महिने संपल्यापासून एक वर्ष मोजतात. मात्र तात्पुरत्या नेमणुकीत या मुदतीवर विसंबून राहण्यात अर्थ नसतो. वर्षभर मुकाट्याने काम करून मग ‘अन्याय झाला’ म्हणणाऱ्याला, इतके दिवस काय केले, हा पहिला प्रश्न येतो. आणि तोवर मूळ जागेवर आलेला माणूस तेथे स्थिरावलेला असतो. त्याची बाजू ऐकल्याशिवाय त्याला हलवता येत नाही, म्हणून अर्जात त्यालाही प्रतिवादी करावे लागते. हे पुष्कळदा राहून जाते.

अंतरिम स्थगिती मागायची तर कायद्याच्या कलम २४ प्रमाणे अर्जाच्या प्रती आधी समोरच्या बाजूला द्याव्या लागतात आणि त्यांना म्हणणे मांडण्याची संधी मिळते. फारच तातडी असेल तर न्यायाधिकरण कारणे नोंदवून चौदा दिवसांपुरता एकतर्फी आदेश देऊ शकते. न्यायाधिकरणापुढे स्वतः उभे राहून बाजू मांडण्याचीही मुभा आहे, वकील दिलाच पाहिजे असे नाही. तेथे जाताना सोबत मूळ नेमणुकीचा आदेश, त्या पदावर रुजू झाल्याची तारीख दाखवणारे सेवापुस्तकाचे पान, आक्षेप घेतलेला आदेश, कार्यमुक्तीचा आदेश, हक्क राखून दिलेला रुजू अहवाल, निवेदनाची पोच आणि आपल्या जागी आणलेल्या माणसाच्या आदेशाची प्रत इतके कागद असावेत. शेवटचा कागद मिळवायला सर्वांत जास्त दिवस लागतात, म्हणून त्याचा अर्ज सर्वांत आधी टाकावा.